गारंबीचा बापू आणि गावाची रीत

कोकणातल्या कुठल्याही गावात उभे राहून ‘बापू’ अशी हाक मारली, तर पाच-दहा घरांतून ओ येईल. पण मराठी वाचकाला सत्तरांहून अधिक वर्षे बापू म्हटले की एकच आठवतो, तो गारंबीचा. श्रीपाद नारायण पेंडसे यांची ‘गारंबीचा बापू’ ही कादंबरी १९५२ साली प्रसिद्ध झाली. पुढे तिचे नाटक झाले, ते गाजले. आणि १९८०च्या सुमारास चित्रपटही आला. बापूची भूमिका केली ती काशिनाथ घाणेकर यांनी. हे घाणेकर आपल्याच जिल्ह्यातले, चिपळूणचे. पेंडसेही आपलेच. दापोली तालुक्यातले मुर्डी हे त्यांचे गाव. तिथे त्यांचा १९१३ साली जन्म झाला. लहानपणीच ते मुंबईला गेले, आणि तिथे बेस्टमध्ये नोकरी करता करता त्यांनी आयुष्यभर कोकण लिहून काढले. इयन रेसाइड यांनी केलेल्या इंग्रजी भाषांतरामुळे हा बापू १९६८ साली सातासमुद्रापलीकडेही गेला.

आज मी या कादंबरीच्या वाङ्मयीन गुणांविषयी बोलणार नाही. ते काम साहित्याच्या प्राध्यापकांचे. मी इतिहास शिकवणारा माणूस. मला विचारायचे आहे ते एवढेच, की ज्या गावाशी बापू भांडला ते गाव कशाच्या जोरावर उभे होते? आपण सहज म्हणून जातो, की एका बाजूला रूढी आणि दुसऱ्या बाजूला माणसाचे मन, असा हा झगडा आहे. खरं आहे. पण ही रूढी हवेत तर तरंगत नसते ना? तिला कुणीतरी धरून ठेवलेले असते. कोणी, आणि कशाने, ते आज पाहू या.

आधी कथा थोडक्यात सांगतो, म्हणजे ज्यांनी वाचली नसेल त्यांचीही सोय होईल. दापोली-हर्णैच्या बाजूचे एक गाव. माडापोफळींच्या वाड्या, उतरणीला भातखाचरे, आणि जवळच समुद्र. गावावर सत्ता अण्णा खोतांची. त्या गावात विठोबा नावाचा एक गरीब, दबून राहणारा ब्राह्मण. त्याची मानी बायको यसोदा. आणि त्यांचा मुलगा बापू. घरात त्याचे मन लागत नाही, तो रानोमाळ भटकतो, नको त्या घरी जातो, नको त्यांच्यात बसतो. त्याचा जीव जडतो तो रावजीच्या चहाच्या हॉटेलातल्या राधेवर. राधा वेगळ्या जातीची. चोरून काही केले असते तर गावाने डोळ्यांवर कातडे ओढले असते. अशा चोरट्या गोष्टी गावाला नवीन नव्हत्या. पण बापू उघडपणे तिचा हात धरतो. गाव खवळते. बापू गाव सोडत नाही. सुपारीच्या व्यापारात पडतो, पैसा मिळवतो, आणि ज्यांनी त्याला नाकारले त्यांच्यातच पाय रोवून उभा राहतो. दिनकरभावजींसारखे एखादे समंजस माणूस त्याला आधार देते. बाकी सारे पारडे अण्णा खोतांच्या बाजूला.

आता हे खोत म्हणजे कोण? म्हातारी माणसे सांगू शकतील. पण शाळेतल्या मुलांना ‘खोत’ हे आता फक्त आडनाव उरले आहे. कोकणात, विशेषतः आपल्या रत्नागिरी जिल्ह्यात आणि शेजारच्या कुलाब्यात, सरकारचा सारा वसूल करण्याचा वंशपरंपरागत हक्क ज्याच्याकडे असे तो खोत. पुष्कळ खोत ब्राह्मण होते, मराठे होते, मुसलमानही होते. सरकारला ठरलेली रक्कम भरायची आणि कुळांकडून आपला हिस्सा घ्यायचा, हा व्यवहार. ज्यांना धारेकरी म्हणत, ते नेमून दिलेला सारा भरून मोकळे होत. पण साध्या कुळाचे तसे नव्हते. भाताचे निम्मे पीक, म्हणजे अर्धेल, खोताच्या घरी. वरकस पिकांचा तिसरा वाटा, म्हणजे तिर्धेल, तोही तिकडेच. शिवाय वेठ. खोताचे घर शाकारायला माणूस हवा, लाकूड फोडायला हवा, पालखीला भोई हवा, की कुळाने आपले काम टाकून जायचे. इंग्रजांनी १८८० साली खोतीचा कायदा करून या हक्कांना लेखी चौकट घातली. हक्क काही गेले नाहीत.

शेतकरी मंडळींना पुढची गोष्ट जास्त पटेल. आपल्याकडे भाताची रोपे करायची तर आधी राब भाजावा लागतो. कवळ तोडायची, पालापाचोळा आणायचा, शेण पसरायचे, जमीन भाजायची, मग त्यावर बी पेरायचे. कवळ कुठून येणार? वरकस जमिनीतून, डोंगरातून. आणि तो डोंगर बहुतेक ठिकाणी खोताच्या शब्दाखाली. म्हणजे खोताची मर्जी गेली तर कवळ नाही. कवळ नाही तर राब नाही, राब नाही तर रोप नाही, आणि रोप नाही तर वर्षाचा तांदूळ नाही. एवढी साखळी डोळ्यांपुढे आणली, की गावसभेत खोताने डोळे वटारल्यावर माणसे माना खाली का घालत ते कळते. तिथे धर्मशास्त्राची पोथी उघडावीच लागत नसे.

याच्या जोडीला दुसरे हत्यार, वाळीत टाकण्याचे. त्यात मारहाण नाही, आरडाओरड नाही. न्हाव्याने हजामत करायची नाही, परटाने कपडे घ्यायचे नाहीत, भटाने दारात पाऊल टाकायचे नाही. शेजाऱ्याने विस्तव द्यायचा नाही. लावणीला कुणी हात लावायचा नाही. आणि लावणी तर एकट्या घराने उरकत नाही, पाऊस थांबत नाही. घरात मयत झाले तर खांदा द्यायला चार माणसे मिळायची नाहीत. आणि शिमग्यात ग्रामदेवतेची पालखी साऱ्या गावाच्या अंगणांत नाचेल, पण त्या एका दारासमोरून तशीच पुढे जाईल. कोकणच्या माणसाला या शेवटच्या गोष्टीची धार सांगायला नको. मुंबईत गिरणीत राबणारा चाकरमानी रजा नाही मिळाली तर नोकरीवर पाणी सोडून शिमग्याला येई, तो त्या पालखीसाठी. ती दारावरून निघून गेली, म्हणजे देवानेही ओळख सोडली.

तेव्हा गावाची रीत दोन खांबांवर उभी होती. एक खांब जमिनीचा, दुसरा वाळीत टाकण्याच्या भीतीचा.

आता तुम्ही म्हणाल, की अहो, पण रीत ही रीतच. बाईने दुसरा घरोबा करू नये, हे पूर्वापार चालत आलेले. इथे मात्र थोडे थांबायला हवे. पूर्वापार म्हणजे कुणाच्या पूर्वापार? ब्राह्मण आणि त्यांचे अनुकरण करणारी काही घराणी सोडली, तर महाराष्ट्रातल्या पुष्कळ जातींत विधवेचा पाट लागत असे. त्याला कुठे मोहोतूर म्हणत. नवरा-बायकोचे पटेना तर जातपंचायतीपुढे काडीमोड होई. पहिल्या लग्नाचा थाट त्याला नसे, मानही थोडा कमी. पण बाईला पुन्हा संसार करता येई. कर्नाळ्याच्या परिसरातल्या ठाकरांवर गो. नी. दांडेकरांनी ‘जैत रे जैत’ ही कादंबरी लिहिली, आणि तिच्यावर जब्बार पटेल यांनी १९७७ साली चित्रपट काढला. त्यातली चिंधी पहिला नवरा सोडून आपल्या मनाच्या नाग्याकडे येते. तिचा समाज कुरकुरतो, पण तिला जगातून उठवत नाही. रत्नागिरी आणि कर्नाळा यांत अंतर ते काय? तरी एका घरची रीत दुसऱ्या घरी महापाप होते. पुढे तर असेही झाले, की जी घराणी वर चढली, दोन पैसे बाळगून राहिली, त्यांनी आपल्याकडचा पाट बंद केला, आणि आपण कधी पाट लावतच नव्हतो, असे सांगू लागली. रीत जुनी म्हणून सांगितली जाते. पण तिची तारीख काढायला गेले तर कधी कधी ती आजोबांपेक्षाही तरुण निघते.

सरकारने १८५६ साली विधवाविवाहाला कायद्याची मान्यता दिली. पण त्याच कायद्यात एक कलम होते. विधवेने पुन्हा लग्न केले, की पहिल्या नवऱ्याच्या मिळकतीवरचा तिचा हक्क संपला. म्हणजे एका हाताने परवानगी, दुसऱ्या हाताने भाकरी काढून घेणे. पुन्हा तोच मुद्दा बघा: मन आणि जमीन यांची गाठ.

बापू हा कादंबरीतला. पण कादंबरीतल्या माणसाने काय वाट्टेल ते करावे. प्रत्यक्षात असे धाडस कोणी केले का? केले, आणि तेही याच मुलखात. दापोली तालुक्यातलेच मुरुड हे धोंडो केशव कर्वे यांचे गाव. ‘महर्षी’ ही पदवी पुढची. १८९१ साली ते पुण्यात फर्ग्युसन कॉलेजात गणित शिकवू लागले. त्याच वर्षी त्यांची पहिली पत्नी वारली. तिशी उलटलेल्या विधुराला त्या काळी दहा-बारा वर्षांची मुलगी मिळणे ही साधी गोष्ट होती. सारे जग तेच करीत होते. कर्व्यांनी ठरवले, की लग्न करीन तर विधवेशी. देवरुखच्या जोशांची मुलगी गोदूबाई लहानपणीच विधवा झाली होती. कित्येक वर्षे सासरी राबल्यावर ती पंडिता रमाबाईंच्या शारदासदनात शिकायला गेली होती, आणि त्या संस्थेतली ती पहिलीच विधवा विद्यार्थिनी. तिच्या वडिलांनी संमती दिली, आणि ११ मार्च १८९३ रोजी पुण्यात हा विवाह झाला.

पुण्यात खळबळ झाली, पण पुण्यात पाठीशी उभे राहणारेही होते. खरी परीक्षा झाली मुरुडला. कर्व्यांनी या गावासाठी काही कमी केले नव्हते. बाहेरगावी मिळवत्या झालेल्या मुरुडकरांकडून वर्गणी जमवून त्यांनी गावाच्या कामासाठी ‘मुरुड फंड’ उभा केला होता. विवाहानंतर ते गावी गेले, तेव्हा गावसभा भरली. कर्वे ज्या सभेत असतील त्या सभेला कोणी जायचे नाही, आणि घरच्यांनी त्यांना घरात ठेवून घेतले तर त्या घरालाही वाळीत टाकायचे, असे ठरले. माणसाला शिक्षा करायची तर त्याच्या आईला आणि भावाला धरायचे, ही वाळीत टाकण्याची जुनी युक्ती. कर्वे पुण्याला परत जाऊ शकत होते. आई कुठे जाणार? ‘आत्मवृत्त’ या आपल्या पुस्तकात कर्व्यांनी हे सारे लिहिले आहे, आणि गोदूबाईंनी, म्हणजे बाया कर्वे यांनी, आपले म्हणणे ‘माझे पुराण’ मध्ये मांडले आहे. दोन्ही पुस्तके शिक्षकांनी मुद्दाम मिळवून वाचावीत. एकाच घटनेला पुरुष कसा सामोरा गेला आणि बाई कशी, हे शेजारी शेजारी ठेवून पाहता येईल असे योग आपल्या इतिहासात फार थोडे.

पुढे काय झाले ते सर्वांना ठाऊक आहे. १८९६ साली विधवांसाठी आश्रम, मग तो हिंगण्याला, १९१६ साली महिला विद्यापीठ, १९५८ साली भारतरत्न. ज्या मुरुडने त्यांना बाहेर ठेवले, त्याच मुरुडात आज त्यांचे स्मारक आहे आणि पाहुण्यांना ते अभिमानाने दाखवले जाते.

पेंडशांचे मुर्डी आणि कर्व्यांचे मुरुड ही जवळजवळची गावे. बापू हा कर्व्यांवरून घेतला असे मी मुळीच म्हणत नाही. दोघांचे स्वभाव उत्तर आणि दक्षिण. एक संयमी, हिशेबी, शब्द तोलून बोलणारा, दुसरा आडदांड. पण दोघांना एकाच तऱ्हेच्या गावाशी गाठ पडली, आणि दोघांना तारणारी वस्तूही एकच होती. ती म्हणजे गावाबाहेरून येणारा पैसा. कर्व्यांचा पगार पुण्याच्या कॉलेजातून येई. त्यावर मुरुडच्या सभेचा अंमल चालत नव्हता. आणि बापूची सुपारी? वाडीतली सुपारी वाळते, सोलली जाते, पोत्यांत भरते आणि गलबताने मुंबईला जाते. मुंबईचा व्यापारी सुपारीचा दाणा बघतो. विकणाऱ्याच्या घरात कोण नांदते, हे तो विचारत नाही. राब खोताच्या डोंगरावर अवलंबून. व्यापार तसा नव्हे. शेतीवर जगणारा बापू अण्णा खोतांना पुरून उरला असता का? मला शंका आहे.

आमच्या वर्गात एकदा एका मुलाने विचारले, की सर, एवढा त्रास होता तर बापू राधेला घेऊन सरळ मुंबईला का गेला नाही? प्रश्न चांगला होता. कारण कोकणच्या हजारो माणसांनी नेमके तेच केले. गावात श्वास कोंडला, की हर्णैच्या बंदरावर बोट पकडायची आणि गिरणगावच्या खोलीत दहाजणांत अकरावे होऊन राहायचे. मुंबईने आपल्या मनिऑर्डरी पाठवल्या तशी अनेकांची अडलेली मनेही सोडवली. पण जो निघून जातो त्याच्यामुळे गाव बदलत नाही. गाव सुटकेचा निःश्वास टाकते आणि जसे होते तसे चालू राहते. बापूची गोष्ट लोकांच्या मनात राहिली ती तो तिथेच राहिला म्हणून. त्याला राधाही हवी होती आणि गारंबीही.

आणि राधेचे काय? तिच्याविषयी आपण फार कमी बोलतो. नाटक-चित्रपट पाहून घरी जाताना बापूची ऐट आठवते. पण गावाच्या जिभेचा पहिला वार होतो तो बाईवर. पुरुष बिघडला असे म्हणतात, आणि बाईने बिघडवला असेही म्हणतात. दोन्हीकडून दोष एकीच्याच पदरी. राधेच्या हातात चहाचे दुकान होते, चार पैसे होते, म्हणून ती उभी राहू शकली. गोदूबाईंच्या हातात शारदासदनातले शिक्षण होते. ज्यांच्या हातात यांपैकी काहीच नव्हते अशा कितीजणी माजघराच्या अंधारात आयुष्य काढून गेल्या, त्यांच्यावर कुणी कादंबरी लिहिली नाही. कर्व्यांनी पुढे बायकांच्या शिक्षणावर आणि पोटापाण्याच्या उद्योगावर एवढा जोर का दिला, त्याचे उत्तर इथे आहे. नुसती लग्ने लावून भागत नाही, हे त्यांना अनुभवाने कळले होते.

आता त्या दोन खांबांचे पुढे काय झाले ते पाहू. खोतीवर पहिला मोठा घाव पडला तो शेजारच्या कुलाबा जिल्ह्यात. अलिबाग तालुक्यातल्या चरी गावात १९३३ साली नारायण नागू पाटील यांच्या पुढारीपणाखाली शेतकऱ्यांनी संप पुकारला. खोताची जमीन कसायचीच नाही, असा तो संप. तो थोडेथोडके दिवस नव्हे, १९३९ पर्यंत, सहा वर्षे चालला. लोकांनी लाकडे विकली, मासे धरले, मजुरी केली, पण नांगर धरला नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकर, ज्यांचे मूळ गाव आपल्या मंडणगड तालुक्यातले आंबडवे, त्यांनी १९३७ साली मुंबईच्या विधिमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले. पुढल्या जानेवारीत शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईला विधिमंडळावर गेला. अखेर स्वातंत्र्यानंतर, १९४९ साली खोती निर्मूलनाचा कायदा झाला आणि पुढच्या वर्षी तो अंमलात आला. त्यानंतर कूळकायद्याने १ एप्रिल १९५७ हा कृषकदिन ठरवला आणि कसणारी कुळे जमिनीची मालक मानली गेली. अंमलबजावणीत खाचखळगे राहिले, कज्जे झाले. पण एक खांब मुळातून हलला हे खरे.

‘गारंबीचा बापू’ १९५२ सालची. खोती जाऊन दोनच वर्षे झाली होती. म्हणजे अण्णा खोतांची कागदावरची सत्ता संपली होती, पण तो दरारा ज्यांनी डोळ्यांनी पाहिला होता अशी सारी माणसे जिवंत होती. त्या काळच्या वाचकाने हे पुस्तक हातात घेतले तेव्हा त्याला त्यात कालपरवाचा हिशेब दिसला असेल. पेंडशांच्याही मनातून खोत गेला नाही. १९८७ साली त्यांनी ‘तुंबाडचे खोत’ ही दोन खंडांची कादंबरी लिहून एका खोत घराण्याचा उदय आणि ऱ्हास पिढ्यान् पिढ्या मांडला.

दुसऱ्या खांबाची गोष्ट मात्र वेगळी. त्याच १९४९ साली मुंबई राज्यात बहिष्कार घालण्याविरुद्धही एक कायदा झाला होता. खोतीचा कायदा टिकला. हा टिकला नाही. एका धर्मपंथाच्या प्रमुखांनी त्याला आव्हान दिले, आणि पंथातून काढण्याचा अधिकार हा धर्मस्वातंत्र्याचा भाग आहे, असे मानून सर्वोच्च न्यायालयाने १९६२ साली तो रद्द ठरवला. त्यानंतर पन्नासांहून अधिक वर्षे वाळीत टाकण्यासाठी असा वेगळा कायदाच राहिला नाही. या अवधीत कोकणातून, विशेषतः रायगड जिल्ह्यातून, वाळीत टाकल्याच्या तक्रारी वर्तमानपत्रांत येत राहिल्या. शेवटी महाराष्ट्र विधिमंडळाने २०१६ साली सामाजिक बहिष्काराविरुद्ध कायदा केला, आणि राष्ट्रपतींच्या संमतीनंतर तो जुलै २०१७ पासून लागू झाला. त्यानुसार कुणाला वाळीत टाकणे हा गुन्हा आहे. तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा आहे. तक्रार पोलिसांकडे करता येते, आणि थेट दंडाधिकाऱ्याकडेही करता येते. गावकी, भावकी, जातपंचायत, कुठल्याही नावाने ठराव झाला तरी तो कायद्यापुढे गुन्हाच. हे प्रत्येक गावात माहीत असायला हवे, म्हणून इथे सविस्तर सांगितले.

बरं, हा काही आपल्याच मुलखाचा दोष आहे, असे मानून कुणी खाली मान घालू नये. दूर पूर्वेला फिलिपाइन्स म्हणून बेटांचा देश आहे. तिथेही माड, तिथेही भातशेती, तिथेही समुद्र. धर्म मात्र बहुतेकांचा ख्रिस्ती. तिथल्या लिनो ब्रोका या दिग्दर्शकाने १९७४ साली एक चित्रपट काढला. त्याच्या नावाचा अर्थ साधारण असा, की तुला तागडीत घातले आणि तू कमी भरलास. एका छोट्या गावातली प्रतिष्ठित, देवभोळी माणसे एका वेड्या बाईला आणि एका महारोग्याला कशी दूर लोटतात, आणि एक तरुण मुलगा त्या दोघांशी कशी माणुसकी धरतो, याची ती गोष्ट. भाषा कळली नाही तरी कोकणातल्या माणसाला ते गाव ओळखीचे वाटेल. तागडी कुणाच्या हातात आहे, हा प्रश्न तिथेही तोच आहे.

चित्रपट आणि नाटक यांची एक अडचण असते. तिथे माणूस दिसतो, पण त्याचा सातबारा दिसत नाही. बापूचे धाडस दिसते. त्याच्या पाठीशी उभी असलेली सुपारीची पोती लक्षात येत नाहीत. म्हणून टाळ्या वाजवून आपण घरी येतो आणि म्हणतो, की काय मर्द होता! मर्द होता हे खरेच. पण ज्यांना तसे वागता आले नाही ती सारी भित्री होती, असा त्याचा अर्थ नाही. राब कुणाच्या डोंगरावर भाजायचा या विवंचनेत असलेल्या माणसाला धाडस महाग पडते.

शेवटी गुरुजनांना एक विनंती. आपल्या शाळेच्या गावात खोती होती का, खोत कोण होता, किती कुळे होती, कवळ कुठून आणत, पाट लागत असे का आणि तो कधी बंद झाला, पालखी कुणाच्या दारी थांबत नसे, हे मुलांना घरी विचारून यायला सांगा. सत्तर-पंचाहत्तरीतली माणसे अजून सांगू शकतील. त्यांच्या आईवडिलांनी ते दिवस अंगावर काढले आहेत. मुले वहीत लिहितील ते थोडे चुकेल, थोडे राहील, चालेल. मात्र आजीलाही विचारायला सांगा. आजोबा खोताची गोष्ट सांगतील, बापूसारख्या एखाद्या माणसाची सांगतील. राधा कुठे गेली, हे बहुधा आजीलाच ठाऊक असेल.